दुबईच्या पार्लरमध्ये नोकरी, तिकीट एजंटचं: हा धंदा जगात नेमका केवढा आणि चालतो कसा?

आरसा_नाशिक (प्रश्न)

नमस्कार. नाशिकला सिडकोत माझा ब्युटी पार्लरचा क्लास आहे. मुली बहुतेक आसपासच्या खेड्यांतल्या, बारावी होऊन घरी बसलेल्या. त्यांतल्या एकीला, वय २०, दुबईच्या सलूनमध्ये नोकरी लागतेय. पगार महिना साठ हजार, राहणं-खाणं त्यांच्याकडे. नोकरी आणणारी बाई तिच्या मामीच्या ओळखीची. सारखी दुबईला जाऊन-येऊन असते, गळ्यात सोनं, बोलायला साखर. पासपोर्टचे पैसे तिनेच भरले. तिकीट-व्हिसाही तीच करणार, "नंतर पगारातून वळते करू." व्हिसा टुरिस्टचा आहे, तिकडे गेल्यावर बदलून मिळतो म्हणे.

मी मुलीच्या आईशी बोलून पाहिलं. तर म्हणाली, "मॅडम, तुमची लेक पुण्याला नोकरीला गेली तेव्हा तुम्ही कुणाला विचारलंत?" यावर मी गप्प.

इकडे क्लासच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर रोज नवं काहीतरी येतं. पांढरी गाडी, रुमालाला लावलेलं गुंगीचं औषध, अमुक सेकंदाला एक मुलगी विकली जाते वगैरे. ते वाचून मुली रिक्षावाल्याला घाबरतात, पण या बाईच्या घरी चहाला जातात! जाणकारांनी सांगावं: जगभरात हे प्रकरण खरंच केवढं आहे, मुली नेतात कशा, आणि या नोकरीत मला शंका येतेय ती बरोबर आहे का?

रानवारा

पाठवू नका, विषय संपला. तरण्या पोरींना परक्या मुलखात धाडायचंच कशाला? घरी राहिली तर काय बिशाद आहे कुणाची.

गृहचौकशी

रानवारा, मुलींना घरात बसवून हे थांबलं असतं तर माझं निम्मं काम वाचलं असतं. मी परिवीक्षा अधिकारी होते, आता निवृत्त. धाड पडून सोडवलेली बाई किंवा मुलगी मॅजिस्ट्रेटपुढे आली की पिटा म्हणजे अनैतिक व्यापार प्रतिबंधक कायद्याच्या कलम १७ खाली तिच्या घरची चौकशी होते. गावी जायचं, आईबापांना भेटायचं, ग्रामसेवकाशी, शाळेत, शेजारी बोलायचं आणि लिहून द्यायचं की हिला परत पाठवलं तर हे सांभाळतील की पुन्हा विकतील. त्या कामात मी उत्तर कर्नाटक पाहिलं, आंध्र पाहिलं, बंगाल पाहिला आणि आपलं सोलापूर-लातूरही. पांढरी गाडी मला कुठल्याही फाइलमध्ये भेटली नाही. भेटली ती मावशी, बहिणीचा नवरा, लग्नाचं वचन दिलेला मुलगा, सावत्र बाप, आणि सगळ्यांत जास्त म्हणजे त्याच गावातून आधी गेलेली आणि आता चांगली साडी नेसून परत आलेली बाई. कितीतरी मुली घरातूनच गेल्या होत्या, घरच्यांच्या डोळ्यांदेखत, एसटी स्टँडवर निरोप देऊन.

आता आकडे. फॉरवर्डमधले सेकंदांचे हिशोब सोडून द्या. जरा बूड असलेला अंदाज आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेचा आहे, वॉक फ्री ही संस्था आणि आंतरराष्ट्रीय स्थलांतर संघटना यांच्यासोबत केलेला. त्यानुसार २०२१ मध्ये जगात २ कोटी ७६ लाख माणसं सक्तीच्या मजुरीत होती. त्यांतले ६३ लाख देहविक्रयात जबरदस्तीने ठेवलेले. या ६३ लाखांत ४९ लाख बायका आणि मुली, आणि १७ लाखांच्या आसपास अठरा वर्षांखालची मुलं. हा सर्वेक्षणांवरून बांधलेला अंदाज आहे, कुणी दारोदार जाऊन मोजलेलं नाही. पोलिसांच्या कागदावर येतं ते फार थोडं. आपल्याकडे राष्ट्रीय गुन्हे नोंदणी विभागाच्या २०२२ च्या अहवालात मानवी तस्करीचे सगळे मिळून २,२५० गुन्हे आहेत. तेलंगणा पहिला, महाराष्ट्र दुसरा. म्हणून महाराष्ट्र वाईट असा अर्थ लगेच काढू नका. जिथे गुन्हा नोंदवला जातो तिथेच आकडा दिसतो. ज्या राज्यांत जवळजवळ शून्य आहे, तिथल्या मुली आमच्या वसतिगृहात होत्या.

पण मला विचाराल तर डोकी मोजून हा धंदा कळत नाही, पैसे मोजून कळतो. त्याच श्रम संघटनेने २०२४ मध्ये नफ्याचा अहवाल काढला. सक्तीच्या मजुरीतून जगभरात वर्षाला २३६ अब्ज डॉलर बेकायदा नफा. खासगी मालकांनी राबवलेल्या लोकांत देहविक्रयात अडकलेले २७ टक्के, पण नफ्यातला वाटा ७३ टक्के! एका माणसामागे वर्षाला २७ हजार डॉलरच्या वर, म्हणजे बावीस लाख रुपये धरा. शेतात, वीटभट्टीवर, कारखान्यात अशा बाकीच्या सगळ्या कामांत राबवलेल्यांची सरासरी काढली तर हाच आकडा चार हजार डॉलरच्या आत. आता सांगा, तुमच्या त्या सोनं घातलेल्या बाईला तिकिटाचे पंचवीस-तीस हजार घालायला जड जाईल का?

मुंबईत कामाठीपुऱ्यात हे उघड दिसायचं. नवीन आणलेली मुलगी 'छुकरी'. घरवालीने, म्हणजे कुंटणखाना चालवणाऱ्या बाईने, दलालाला मोजलेली किंमत तिच्या नावावर मांडलेली. त्यावर व्याज. त्यावर प्रवास, कपडे, पावडर-लाली, डॉक्टर, हप्ता, खोलीचं भाडं. आपल्याकडे ऊसतोडीला मुकादमाची उचल असते ना, तशी ही उचल, फक्त ती घेतली आईबापांनी किंवा दलालाने आणि फेडायची पोरीने. वही घरवालीकडे, पोरीला वाचता येत नाही. काही वर्षांनी मुलगी आजारी पडू लागली, गिऱ्हाईक कमी झालं की तिला 'अधिया'वर टाकायचं: निम्मे तिचे, निम्मे घरवालीचे. तोवर दाराला कुलूप लावायची गरजच उरत नाही. जाणार कुठे? एका मुलीने मला विचारलं होतं, "मॅडम, माझे किती राहिलेत ते कोर्टात विचाराल का?" तिला सुटका म्हणजे हिशोब पुरा होणं एवढंच कळत होतं.

नोकरीत मी नवी असताना फेब्रुवारी १९९६ मध्ये मुंबईत मोठ्या धाडी पडल्या. शेकडो मुली सोडवल्या आणि त्यांत दोनशेच्या वर नेपाळी. मग सगळ्यांना कळलं की सोडवून आणलेल्या मुलीचं पुढे काय करायचं याची तयारी कुणाचीच नाही. नेपाळ सरकार घ्यायला कां-कूं करत होतं, कागद नाहीत म्हणून आणि एचआयव्हीच्या भीतीने. शेवटी तिथल्या स्वयंसेवी संस्थांनी पुढे येऊन १२८ मुलींना काठमांडूला नेलं. त्यांतल्याच काही जणींनी शक्ती समूह ही स्वतःची संघटना काढली. २०१३ मध्ये त्यांना मॅगसेसे पुरस्कार मिळाला. मुंबईत ज्यांच्या नावापुढे आम्ही 'अशिक्षित, निराधार' असं लिहीत होतो, त्यांनी हे करून दाखवलं.

परिणाम विचारलात. एकच अभ्यास सांगते. नेपाळला परत गेलेल्या २८७ बायका-मुलींची तपासणी २००७ मध्ये प्रसिद्ध झाली. ३८ टक्के एचआयव्हीबाधित. आणि पंधरा वर्षांच्या आत नेल्या गेलेल्या मुलींत हे प्रमाण ६० टक्क्यांच्या वर. वय जितकं कोवळं तितकी नाही म्हणायची, निरोध मागायची ताकद कमी. आता औषधं आहेत, मुली जगतात. पण झोप न येणं, पोटात सतत दुखणं, कुणी मागून हाक मारली की अंग आकसणं हे कुठल्याच तक्त्यात बसत नाही.

तुमच्या मुलीबद्दल: शंका रास्त आहे. तपशील कुणी वकील सांगेल तर बरं, परदेशाचे कायदे माझ्या हाताखालून गेलेले नाहीत.

तुरीनकर

मूळची तासगावची, बरीच वर्षं इटलीत तुरीनला आहे. इथे स्थलांतरित बायकांना भाषा शिकवणाऱ्या एका वर्गात मदत करते. गृहचौकशी काकूंची 'वही' वाचून अंगावर काटा आला, कारण इथेही तीच वही आहे, फक्त युरोमध्ये.

वर्गात नायजेरियाच्या मुली येतात, बहुतेक बेनिन शहराच्या आसपासच्या, एडो राज्यातल्या. त्यांनाही सांगितलेलं असतं केस विणायच्या दुकानातलं काम! आणणारी बाई तिकडचीच, तिला 'मादाम' म्हणतात. निघायच्या आधी देवळात नेऊन शपथ घ्यायला लावतात. केस, नखं, कधी अंगातला कपडा काढून घेतात आणि पुजाऱ्याकडे ठेवतात. कर्ज फेडलं नाहीस किंवा पोलिसांकडे गेलीस तर वेडी होशील, आई मरेल. मग वाळवंट, लिबिया, रबरी होडी. इथे पोचल्यावर कळतं की देणं वीस-तीस हजार युरो आहे आणि काम रस्त्यावर उभं राहायचं. २०१६ मध्ये समुद्रमार्गे सुमारे अकरा हजार नायजेरियन बायका-मुली इटलीत उतरल्या आणि स्थलांतर संघटनेच्या अंदाजाने त्यांतल्या ८० टक्के या धंद्यासाठीच आणलेल्या होत्या.

मार्च २०१८ मध्ये बेनिनचे राजे, ओबा एवारे दुसरे, यांनी समारंभ करून या सगळ्या शपथा रद्द केल्या आणि उलट त्या घालणाऱ्या पुजाऱ्यांनाच शाप दिला. मला आधी हसू आलं होतं. पण वर्गातली एक मुलगी त्या बातमीचा व्हिडिओ पुन्हा पुन्हा लावून बघत होती. जे काम इटालियन पोलिसांना जमलं नव्हतं, तिच्या मनावरचा तो दगड काढायचं, ते राजाने केलं. अर्थात मादाम लोक हुशार. शपथ गेली तर गावाकडे गुंड पाठवून आईला धमकी.

इथली एक गोष्ट मात्र चांगली. १९९८ च्या कायद्यात कलम १८ आहे. त्याखाली अशा बाईला राहण्याचा परवाना, काम आणि आसरा मिळू शकतो, आणि त्यासाठी तिने कोर्टात साक्ष दिलीच पाहिजे अशी अट नाही.

कोर्ट_नाका

वकिली करतो, मुद्द्याचं बोलतो.

टुरिस्ट व्हिसावर अमिरातीत नोकरी करणं बेकायदा आहे. खऱ्या नोकरीत आधी कंपनीचं ऑफर लेटर येतं, ते तिथल्या श्रम मंत्रालयाकडे नोंदलेलं असतं, आणि कंपनीच्या नावाने प्रवेश परवाना निघतो. भरतीचा खर्च कामगाराकडून वसूल करायला तिथला कायदा मनाई करतो. म्हणजे 'पगारातून वळते करू' हे वाक्यच गुन्ह्याची कबुली आहे. पासपोर्ट मालकाने ठेवून घेणंही तिथे बेकायदा.

आपल्याकडे १९८३ चा उत्प्रवास कायदा आहे. परदेशी नोकरीला माणसं पाठवणाऱ्या एजंटकडे परराष्ट्र मंत्रालयाची नोंदणी हवी, ती ई-मायग्रेट पोर्टलवर कुणालाही पाहता येते. एजंटने घ्यायची फी जास्तीत जास्त ३०,००० रुपये अधिक जीएसटी. मामीच्या ओळखीची बाई, सबएजंट, 'आमचा माणूस' यांना कायद्यात जागाच नाही.

आणि एक भोक आहे ते समजून घ्या. दहावी नापास माणसाच्या पासपोर्टवर 'तपासणी आवश्यक' असा शिक्का असतो. आखाती देशांसह १८ देशांत नोकरीला जाताना त्याला सरकारी मंजुरी लागते, आणि असा पासपोर्ट असलेल्या तीस वर्षांखालच्या बाईला तिथे घरकामाला जाताच येत नाही. तुमची मुलगी बारावी पास. तिच्या पासपोर्टवर शिक्का नाही, तिला विमानतळावर कुणी अडवणार नाही. एजंट लोकांना हे पाठ असतं. शिकलेली मुलगी त्यांना सोयीची पडते ती यामुळे.

शोषणासाठी फसवून, धमकावून किंवा आमिष दाखवून नेणं हा भारतीय न्याय संहितेच्या कलम १४३ खाली गुन्हा, सात ते दहा वर्षं. "ती आपखुशीने आली होती" हा बचाव चालत नाही, संमतीला तिथे किंमत नाही असं कलमातच लिहिलंय.

कृष्णाकाठची

सांगलीत गोकुळनगरच्या वस्तीत पीअर म्हणून, म्हणजे धंद्यातल्या बायकांना माहिती देणारी त्यांच्यातलीच एक म्हणून, काम केलंय. मी स्वतः धंद्यातली. काकूंचं बहुतेक पटलं, तरी एक बोलते. तुम्ही लोक 'सोडवलं, सोडवलं' म्हणता तेव्हा त्यात आमच्यासारख्यापण मोजता. मी तेहतिसाव्या वर्षी स्वतःच्या पायांनी या कामात आले, नवरा मेल्यावर. धाड पडली की लहान पोर कोणती आणि मी कोणती हे बघायला कुणाला वेळ नसतो. सगळ्यांना गाडीत घालायचं, पेपरवाले फोटो काढणार, मग वर्षभर सुधारगृहात शिलाई शिकायची. बाहेर आल्यावर माझ्या लेकराची फी कोण भरणार, सावकाराला काय सांगू? परत तिथेच, आणि आता दुप्पट कर्ज.

आमच्याकडे कोवळी पोर आणली तर पहिल्यांदा आम्हालाच कळतं. पण पोलिसाला सांगायचं तर तो आधी मलाच कलम ८ लावणार, गिऱ्हाईक हाटकते म्हणून. मग कशाला सांगू?

रानवारा

म्हणजे धंदा चालू द्यायचा?

गृहचौकशी

कृष्णाकाठची, तुमचं बरोबर आहे आणि हे कोर्टानेही म्हटलंय. सप्टेंबर २०२० मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने तीन सज्ञान मुलींना सुधारगृहातून सोडायचा हुकूम दिला. देहविक्रय हा स्वतः गुन्हा नाही आणि सज्ञान बाईला तिच्या मर्जीविरुद्ध डांबता येत नाही, असं त्यात स्पष्ट आहे. १९ मे २०२२ ला सर्वोच्च न्यायालयाने पोलिसांना सांगितलं की स्वेच्छेने काम करणाऱ्या सज्ञान बाईला धाडीत पकडू नका, त्रास देऊ नका. आमच्या खात्यात यावर दोन तट होते. माझं मत असं की अठराच्या आतली असेल तर मर्जीचा प्रश्नच येत नाही, सोडवायची म्हणजे सोडवायची. अठराच्या वरची असेल तर आधी वही कुणाकडे आहे ते बघायचं. तुमचे पैसे तुमच्या हातात, दार तुमच्या हातात, तर माझं तुमच्याकडे काम नाही. वही दुसऱ्याकडे असेल तर बाई चाळिशीची असली तरी तिला सोडवलंच पाहिजे. रानवारा, तुम्हालाही हेच उत्तर समजा.

आणि खरी गोम तुम्ही सांगितलीत ती कर्जाची. सुटका झालेल्या बाईला भरपाई मिळायची तरतूद आहे, जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करायचा. माझ्या काळात अर्ज करायचा असतो हेच निम्म्या जणींना कुणी सांगायचं नाही. बांगलादेशच्या मुलींचं तर विचारूच नका. नाव खोटं, गाव खोटं, दलालाने पढवलेलं 'चोवीस परगणा', म्हणजे इकडच्या बंगालमधलं. खरं राष्ट्रीयत्व ठरवायला कागद ढाक्याला जायचे, तिथून जेसोर किंवा सातखिऱ्याच्या गावात, आणि परत यायला महिनोन् महिने. मुलगी तोवर आमच्याकडे भिंतीआड. खटला उभा राहीपर्यंत ती देशात नाही. मुंबईत २००८ पासून पिटाच्या खटल्यांसाठी वेगळं न्यायालय आहे. साक्ष व्हिडिओवर घेता येते हे सर्वोच्च न्यायालयाने २००३ मध्येच मान्य केलंय, पण जेसोरच्या खेड्यात त्या मुलीला शोधून कॅमेऱ्यासमोर बसवायचं कुणी? साक्ष नाही म्हणून घरवाली सुटते आणि नवीन वही उघडते.

आता तर कामाठीपुराही आकसला. मुली लॉजवर, भाड्याच्या फ्लॅटमध्ये, मसाज पार्लरमध्ये. ठरवाठरवी फोनवर. कृष्णाकाठची म्हणतात तसं गल्लीतल्या बायकांना तरी नवी पोर दिसायची. सोसायटीतल्या तिसऱ्या मजल्यावरची कुणाला दिसणार?

आरसा_नाशिक

सगळ्यांचे आभार. वकीलसाहेबांनी सांगितलेलं मुलीला नेमकं विचारलं. ऑफर लेटर "तिकडे गेल्यावर मिळेल" म्हणे. सलूनचं नाव अजून सांगितलेलं नाही. पासपोर्ट आत्ताच त्या बाईकडे आहे, "व्हिसासाठी." मुलगी माझ्यावर थोडी नाराज आहे, तिला वाटतंय मी तिचं चांगलं होऊ देत नाही. त्या बाईला जाऊन जाब विचारू का?

गृहचौकशी

अजिबात नको. जाब विचारलात तर मुलगी दुसऱ्या शहरातून उडेल आणि तुम्हाला कळणारही नाही.

मुलीला घाबरवू नका आणि नोकरी करू नकोस असंही म्हणू नका. तिला दुबईला जायचंय, त्यात चूक काही नाही. तिला एवढंच सांगा की पासपोर्ट परत माग. कारण काहीही दे, बँकेला झेरॉक्स हवीय म्हण. दिला तर उत्तम, घरी ठेवा. द्यायला टाळाटाळ झाली तर तिला आणि तिच्या आईला घेऊन पोलीस अधीक्षक किंवा आयुक्त कार्यालयातल्या मानवी तस्करी विरोधी कक्षाकडे जा. नुसत्या चौकीवर गेलात तर हरवल्याची तक्रार लिहून बोळवण करतील. एजंटचे व्हॉट्सअ‍ॅप मेसेज, पैसे दिल्या-घेतल्याचे स्क्रीनशॉट, फोन नंबर आताच काढून ठेवा. तिच्याआधी या बाईने आणखी कोणाला पाठवलंय का ते मामीकडून काढून घ्या, नावं मिळाली तर त्यांच्या घरी मुलीचा शेवटचा फोन कधी आला ते विचारा.

आणि तुमच्याच एखाद्या जुन्या विद्यार्थिनीला नोंदणीकृत एजंटकडून गेलेल्या नोकरीचा अनुभव असेल तर तिची आणि या मुलीची गाठ घालून द्या. आईला तुमचं पटणार नाही, तिचं पटेल.

कोर्ट_नाका

पासपोर्ट दिला नाही तर कक्षाकडे जाताना अर्जाच्या दोन प्रती न्या आणि एकीवर पोच घ्या. मुलगी आधीच निघून गेली असेल तर थांबू नका, ११२ ला फोन करा, आणि दुबईतल्या भारतीय वाणिज्य दूतावासाचं प्रवासी भारतीय सहायता केंद्र आहे, तिथे पासपोर्ट नंबरसकट कळवा. नंबर आत्ता लिहून ठेवलाय ना?

आरसा_नाशिक

हो, क्लासच्या अ‍ॅडमिशन फॉर्मला झेरॉक्स जोडलेली आहे. उद्या मामीकडे जातेय.